शेवंतीची जन्मवही

माझी सवत दिवाळीच्या चार दिवस आधी ट्रकात उभी राहून आली. सवतच म्हणते मी तिले, अजूनबी म्हणते. शेलूबाजारच्या फाट्याजवळ आमच्या वावरापाशी ट्रक थांबला, मागची फळी खाली पडली, आन आमच्या माणसानं, म्हणजे जानरावनं, तिले हळूहळू धरून खाली उतरवली. लग्नात मले बैलगाडीतून उतरवतानी यानं हात देला नव्हता. लोक पाहून राह्यले होते म्हणे. तवा लोक होते, आन आता काय लोक मेले होते? अर्धं गाव फाट्यावर उभं होतं.

तपकिरी रंगाची घोडी, उंच, कपाळावर पांढरी चांदणी, पाठ म्हातारपणानं खाली गेलेली. नाव शेवंती. हे जानरावनं ठेवलेलं नाव. तिचं शर्यतीच्या कागदावरचं नाव न्यारंच, 'सेव्हन बँगल्स'. म्हणजे सात बांगड्या, असं माझ्या पोरीनं, रत्नमालानं सांगितलं. मी म्हटलं, माय वं! घोडीले हात कुठं रायते बांगड्या भरायले? इकडं माझ्या हातात दोन, त्याबी काचेच्या.

"काय वं बेबी," आमची बांधाशेजारीण गंगू म्हणे, "आता बाजारात मेथी घोडीवर नेशीन काय?"

"मेथी राह्यली तं नेईन," मी म्हटलं. कारण पहिल्याच दिवशी त्या सटवीनं माझा मेथीचा अख्खा वाफा साफ केला होता. आन जानराव बाजूले उभा राहून हासत होता. लेकरानं पहिला घास खाल्ला की बाप हासते ना, तसा.

आता हा माणूस काय करत होता ते सांगते. जानराव अठ्ठावीस वर्षं पुण्याकडच्या एका स्टड फार्मवर सईस होता, घोड्यायची निगा राखणारा. स्टड फार्म म्हणजे शर्यतीच्या घोड्यायचं बाळंतपणाचं घर. तिथं शिंगरं जन्मतात, दोन वर्षांची झाली की रेसकोर्सवर पळायले जातात. पळून पळून थकल्या की चांगल्या घोड्या परत येतात, पोरं द्यायले. जानरावच्या हाती बाळंतपणाचं काम. घोड्या जानेवारीपासून वितात, तं उन्हाळ्यापर्यंत त्याले दम नाई. वर्षातून एकदा, पोळ्याले घरी यायचा. बाकी वर्षभर फोन. पहिले फाट्यावरच्या एस्टीडीवर, मंग मोबाईलवर. आन फोनवर काय? "तू कशी हायेस" एका शब्दात, आन घोडीचं पाऊण तास.

म्हणून शेवंतीची सारी कुंडली मले तोंडपाठ हाये. एकवीस वेळा पळाली, सहा वेळा जिंकली. पावसाळ्यात पुण्यात, हिवाळ्यात मुंबईत. पुढं पळणं तिले आवडेच नाई. सगळ्यायच्या मागं राहे, लोक म्हणत गेली ही, आन शेवटच्या वळणावरून अशी सुटे की पुढच्यायले मान फिरवून पाहायलेबी वेळ नाई. पाचव्या वर्षी पुढच्या डाव्या पायाची नस सुजली. मंग परत फार्मवर, जानरावच्याच हाताखाली. तिथं नऊ पोरं झाली तिले. दोन गेली, सात जगली. तिसऱ्या नंबरच्या पोरानं बंगलोरात मोठी शर्यत मारली, तवा जानरावनं मले सकाळी सहा वाजता फोन केला. मले वाटलं कोणी मेलं.

आमचं घर भाजीपाल्याचं. दीड एकरात वांगं, मेथी, कांदा, सांबार म्हणजे कोथिंबीर. ते मी एकटीनं केलं अठ्ठावीस वर्षं. त्याचं दुःख नाई मले. दुःख दुसरं हाये, आन ते मी कोणाले लपवलं नाई.

लग्नाले अकरा वर्षं झाली तरी लेकरू नव्हतं. मंग दोन हजार सहाच्या फेब्रुवारीत रत्नमाला झाली. त्याच महिन्यात, तिच्या बारा दिवस आधी, तिकडं फार्मवर एक घोडी बाळंतपणात मेली आन तिचं शिंगरू मागं राह्यलं. तेच शेवंती. दुसऱ्या कोणत्या घोडीनं तिले जवळ केलं नाई. जानराव दर दोन तासाले बाटलीनं दूध पाजे. एक वेळ चुकली तं शिंगरू जाईन, असं डॉक्टर म्हणत होता. तं तो तिथं, आन मी इथं गोजराबाई दाईच्या भरवशावर. गंगूचा नवरा एस्टीडीवर गेला, फार्मच्या ऑफिसात फोन लावला, जानरावले बलावलं आन सांगितलं, "पोरगी झाली. दोघीबी चांगल्या हायेत."

परत आला तं मी विचारलं, काय म्हणे ते?

"काईच नाई म्हणे वो. फोन ठेवला."

हा एक शब्द माझ्या छातीत एकोणीस वर्षं रुतून होता. काईच नाई म्हणे, फोन ठेवला. पोरगी झाली म्हणून तोंड वाकडं केलं काय? अकरा वर्षांनं झालेलं लेकरू! चाळीस दिवसांनं आला, पोरीले मांडीवर घेतलं, खूप पाह्यलं तिच्याकडं, पण बोलला काय तं, "शेवंती आता दाणा खायले लागली."

पोरीच्या जन्माची नोंदबी राहून गेली. मी बाळंतीण, बाप पुण्याकडं, जाते कोण ग्रामपंचायतीत? शाळेत टाकतानी मास्तरनं एक जून लिहून टाकली. आमच्या गावात अर्ध्या लोकायचा जन्म एक जूनचा हाये. जानरावचाबी एक जूनचाच, माझाबी. पण शेवंतीचं? तिचं तं जन्मवहीत जागच्या जागी लिहलेलं. हे जन्मवही म्हणजे काय, तं फार्मवर घोडीच्या एका घराण्याची एक वही रायते. आईच्या पानामागं पोरीचं पान, पोरीच्या मागं नातीचं. जानराव सातवी शिकलेला, अक्षर टपोरं. कोणती तारीख, किती वाजता, रंग काय, चांदणी कुठं, केसायचा भोवरा मानेच्या कोणत्या अंगाले, कवा उभं राह्यलं, कवा दूध पेलं. आन शेवटचा रकाना 'हजर'. बाळंतपणाच्या वेळी जवळ कोण होतं त्याचं नाव. त्या रकान्यात अठ्ठावीस वर्षं एकच नाव, जानराव पडघान. घोडीच्या पोरीचा भोवरा लिहून ठेवला यानं, आन माझ्या पोरीची तारीख नाई. तं मंग मी तिले सवत नाई म्हणू तं काय मावशी म्हणू?

अशी ही शेवंती. मागच्या वर्षी तिले गाभण धरवली, डॉक्टरनं मशीन लावून पाह्यलं आन खाली हाये म्हणे, पोटात काई नाई. मालक म्हणे, म्हातारी झाली, आता पुरे. जानरावबी रिटायर होऊन राह्यला होता. त्यानं घोडी मागितली, त्यायनं देली. तसं पत्रच देलं.

गावात दोन महिने तमाशा. केनवडहून एक बँडवाला आला, नवरदेवासाठी घोडी पाहिजे म्हणे. जानरावनं त्याले च्या पाजला आन वाटेले लावला. दुसऱ्या एकानं पटाच्या, म्हणजे शर्यतीच्या बैलासोबत पळवून पाहा म्हटलं. त्याले च्याबी नाई पाजला. रोज सकाळी खरारा, दुपारी खुरं साफ, संध्याकाळी कांद्याच्या वावरातून फिरवणं. मी म्हणो, "माझ्या डोक्याले अठ्ठावीस वर्षांत तेल नाई लावलं कोणी." तं हा हासे आन खरारा चालू ठेवे.

जानेवारीत एके दुपारी मी गोठ्यात कडबा टाकायले गेली. जानराव फाट्यावर गेला होता. घोडी उन्हात उभी होती आन तिच्या पोटाच्या खालच्या अंगाले काईतरी हाललं. मी थांबली. पुन्हा हाललं. मी हात लावला तं आतून लाथ बसली. बाईच्या जातीले हे सांगा लागत नाई. रत्नमाला वाशिमले नर्सिंग शिकते, शनिवार असल्यानं घरी आली होती. तिले हाक मारली. तिनं हात लावला आन माझ्याकडं पाह्यलं.

"आई, हे गॅस नाई."

"मले दिसते ना वं! नऊ महिने तुले काय मी गॅस म्हणून वागवलं काय?"

जानराव आला. मी वाटच पाहून राह्यली होती, कमरेवर हात ठेवून.

"खरं सांगा. कवापासून माहीत हाये?"

तो दाव्याची गाठ सोडत बसला. गाठ नव्हतीच तिथं.

"जूनपासून," तो म्हणे. "डॉक्टरनं खाली हाये म्हटल्यावर ती दोनदा माजावर याले पाहिजे होती. आली नाई. मले समजलं."

"मंग बोलले काहून नाई?"

"बोललो असतो तं देली नसती."

मले इतका राग आला! हा माणूस अठ्ठावीस वर्षं दुसऱ्याच्या तबेल्यात राह्यला, तिथून मूठभर दाणा घरी आणला नाई त्यानं. गावात कोणी म्हणो, जानरावसारखा सच्चा माणूस नाई, तं माझी मान ताठ होये. आन हे?

"म्हणजे चोरून आणली," मी म्हटलं.

"घोडी देलेली हाये. पत्र हाये माझ्यापाशी."

"आन पोटातलं?"

त्यावर तो खाली बसला, तिथंच कडब्यावर. रत्ना मधे पडणार होती, मी डोळ्यानं दटावलं.

"बेबी," तो म्हणे, "दीडशेच्या वर शिंगरं माझ्या हातावर जन्मली. हाडं मोजली त्यायची, ताप पाह्यले, रात्री जागल्या. सहा महिने झाले की आईपासून तोडतात आन मंग एक दिवस ट्रक येते. मी फळी लावून द्यायची. दीडशे वेळा मी फळी लावली. हे शेवंतीचं शेवटचं हाये. हे एक मले राहू दे. एकच."

राग होता तसाच. मी विचारलं, हे ठेवलं तं पुढं काय होईन त्याचं? त्यानं सारं खरं सांगितलं, लपवलं नाई. जन्मल्यावर थोड्याच दिवसांत कळवा लागते. मंग डॉक्टर येते, केस-रक्त घेऊन आई कोण, बाप कोण तपासतात, तवा शर्यतीच्या कागदावर नाव लागते. वेळ गेली की गेली. नाव नाई लागलं तं त्या शिंगराले रेसकोर्सच्या फाटकात पाय टाकू देत नाई कोणी, मंग ते वाऱ्यासारखं का पळेना.

"आन कळवलं तं?"

"तं नेतीन. कदाचित दोघायले नेतीन."

मी म्हटलं, "बरं, मंग पाहू. आता एवढं पोट घेऊन तिले ट्रकात चढवायची नाई." मले तिचा कळवळा आला होता असं समजू नका. पण भरल्या पोटाच्या बाईले घराबाहेर काढत नाई आमच्यात.

फेब्रुवारी सरत आला. जानराव गोठ्यात झोपायले लागला. बारा रात्री जागला, डोळे खोल गेले. तेराव्या दिवशी सकाळी घोडीच्या सडायवर मेणासारखे थेंब आले. "आज रात्री होते," तो म्हणे. "मी मंगरूळहून नाळेले लावायचं औषध घेऊन येतो, तासा-दीड तासात आलोच."

"आन आताच झाली तं?"

"अवं, अठ्ठावीस वर्षांत दिवसाढवळ्या वेलेली घोडी मी पाह्यली नाई. घोडी लाजरी रायते, अंधारात सारं करते." असं म्हणून जीपमधे बसून गेला, मोठा शहाणा.

मी वांगे तोडून राह्यली होती. नऊ वाजले असतीन. गोठ्यातून धप्प आवाज आला. जाऊन पाहाते तं बाई आडवी, घामानं न्हायलेली, आन माझ्याकडं पाहून राह्यलेली. मी जानरावले फोन लावला, तं कव्हरेज क्षेत्राच्या बाहेर. पुन्हा लावला, पुन्हा तेच. गंगूले हाक मारली तं ती बाजारात गेलेली.

मंग मले एकेक आठवायले लागलं. अठ्ठावीस वर्षं फोनवर ऐकलं होतं ना! पिशवी पांढरी दिसली पाहिजे, लाल दिसली तं घात. दिसली, पांढरी होती. पहिले एक पाय, मंग त्याच्या जरा मागं दुसरा, मंग नाक. पाय दिसले, एकापुढं एक. नाक दिसलं. मी तिच्या शेपटीमागं बसली, लुगडं खोचलं आन म्हटलं, "लाव जोर वं सटवे! नऊ झाले ना तुले, दहावं कायले अडकवतं?" तिनं जोर लावला. मीबी दोन पाय धरून, ती जोर लावे तवाच, हळू खालच्या अंगाले ओढले. खांदे निघाले आन बाकीचं शिंगरू एकदम माझ्या मांडीवर आलं, गरम, ओलं, एवढं मोठं! नाकावरची पिशवी फाडली. शिंकलं. शेपूट उचलून पाह्यलं तं पोरगी.

मी रडली. खोटं कायले बोलू. शेवंतीनं मान वळवून पोरीले हुंगलं, आन माझ्या हातालेबी हुंगलं, आन दोघींले चाटायले लागली. तिले काई फरक वाटला नाई.

एका तासात उभं राह्यलं पाहिजे, दोन तासात दूध पेलं पाहिजे, तीन तासात वार पडली पाहिजे. हे जानरावचे तीन आकडे. पोरगी चार वेळा पडली, पाचव्यांदा उभी राह्यली, पन्नास मिनिटांत. दूध लागलं. तवा कुठं फोन लागला. जानरावनं "हॅलो" म्हटलं आन मी म्हटलं, "पोरगी झाली. दोघीबी चांगल्या हायेत."

तोंडातून निघाल्यावर मलेच समजलं मी काय बोलली ते. तेच शब्द. मी कान लावून उभी राह्यली. तिकडून काईच नाई. जीपचा आवाज येत होता. मंग फोन बंद.

याबी वेळी ठेवला! मी मोबाईल कडब्यावर फेकला. म्हटलं, ज्याचं तोंड जन्माचं बंद तिथं आपण कायले जीव लावावा.

अर्ध्या तासानं तो फाट्यावरून पळतच आला. डोळे लाल. उघड्या जीपची धूळ गेली असीन, मी म्हटलं मनात. आल्या आल्या विचारलं काय तं, "वार पडली काय?"

"पडली. पुरी हाये. पसरून पाह्यली मी."

तो माझ्याकडं पाहातच राह्यला. "तुले कोणी शिकवलं?"

"तुमीच. फोनवर दुसरं बोललेच काय कवा?"

आता पोरगी. आईसारखीच तपकिरी, मागचा डावा पाय खुरापासून वर बोटभर पांढरा. जानराव तिले पाहून पाहून धाला नाई. आन मी रोज म्हणो, कळवा. तो म्हणे, उद्या. चार दिवस गेले, आठ गेले. अकराव्या दिवशी कांदा काढलेल्या रानात तिले आईसोबत मोकळं सोडलं. आठ गुंठ्याचं रान, चारी बाजूनं तार. जरा वेळ आईच्या पोटाखाली उभी राह्यली, आन मंग पळाली. अरे देवा! काय पळाली ती! मी शर्यत कवा पाह्यली नाई, मले त्यातलं समजत नाई, पण ते पळणं न्यारं होतं. पण आठ गुंठे ते कितीसे? चार ढांगा टाकल्या की तार. वळली, पुन्हा चार ढांगा, पुन्हा तार. तारेपाशी थांबे आन पलीकडं पाहे.

जानराव बांधावर बसला होता. मी जाऊन शेजारी बसली.

"तुमाले ठेवायची हाये ना, ठेवा," मी म्हटलं. "मी आता भांडत नाई. पण मंग रत्नासारखंच करू. हिचीबी एक जून लिहू."

पोरगी अजून एकदा तारेपर्यंत गेली आन वापस आली. मंग तो उठला, खिशातून फोन काढला आन माझ्यासमोरच लावला.

"साहेब, जयभीम. जानराव बोलतो. शेवंती बाळंत झाली. पोरगी हाये... हो, आपल्याच घोड्याची. मले जूनपासून माहीत होतं साहेब. मी लपवलं. माझी चूक हाये."

तिकडून फार्मचे मॅनेजर साहेब बोलत होते. ते एवढंच म्हणाले, "काका, तुमी स्वतः सांगितलं, हे मी मालकाले सांगीन." डॉक्टर आले, केस घेतले, रक्त घेतलं. मालकाचा निरोप आला की म्हातारीले एवढ्या लांब हालवू नका, दूध तुटेपर्यंत दोघी तिथंच राहू द्या. मंग पोरगी फार्मची, घोडी जानरावची. हे मोठंच मन झालं. पण दिवस तं मोजूनच देले होते.

ट्रक सप्टेंबरात आला. ड्रायव्हर तोच, मानोऱ्याचा धरमसिंग, दिवाळीत जो शेवंतीले घेऊन आला होता. सोबत मॅनेजर साहेब, तरणे, चष्मेवाले. आमच्यात च्या झाल्याशिवाय काम होत नाई, तं च्या झाला. मंग जानरावनं पोरीच्या तोंडाले दोर चढवला, तिच्याशी काईतरी बोलत बोलत तिले फळीवरून वर नेली, खाली आला आन फळी लावली. खटका नीट बसवला. ट्रक फाट्यावरून वळला आन गोठ्यातून शेवंतीनं जी हाक मारली, ती माझ्या पोटात गेली. तिकडून ट्रकातून पोरीनं उत्तर देलं. मंग एकटीच शेवंती वरडत राह्यली.

मॅनेजर साहेब जीपनं मागून जाणार होते. त्यायनं पिशवीतून एक जुनी, पुठ्ठ्याची वही काढली. "काका, शेवंतीच्या घराण्याची जन्मवही. नव्या पोरीचं पान तुमच्याच हातचं पाहिजे."

जानराव ओट्यावर बसला, चष्मा लावला आन लिहायले लागला. सहा मार्च. सकाळी नऊ वाजून वीस मिनिटं. हे त्यानं मले विचारून लिहलं. रंग, पाय, भोवरा. उभी राह्यली पन्नास मिनिटांत. शेवटच्या रकान्यापाशी पेन थांबला. मंग टपोऱ्या अक्षरात लिहलं, 'हजर: बेबीताई जानराव पडघान'. लिहून वही तशीच ठेवली आन घोडीकडं निघून गेला.

रत्नमाला बाजूलेच होती. तिनं माझं नाव पाह्यलं, हासली, आन वही मागं चाळायले लागली. शेवंतीच्या पोरायची पानं एकेक करून मागं गेली, आन मंग शेवंतीचं आपलं पान आलं. नऊ फेब्रुवारी दोन हजार सहा. चांदणी, भोवरा, सारं. खाली 'हजर: जानराव पडघान'.

"आई," रत्ना म्हणे, "इथं खाली पेन्सिलनं लिहलं हाये काईतरी."

"काय?"

ती वाचायले लागली. "मुलगी. आई बेबी. गाव शेलूबाजार. एकवीस फेब्रुवारी दोन हजार सहा, मंगळवार, सकाळी साडेसहा. फोनवर कळले. दोघी चांगल्या. बोलता आले नाही, रडू आले." मंग थांबली.

"पुढं वाच ना वं!"

"हजर..." रत्ना म्हणे, "हजर: मी नव्हतो."

मले पुन्हा वाच म्हणा लागलं. तिनं तीनदा वाचलं. एकोणीस वर्षं! एकोणीस वर्षं मी त्या फोनचं दुःख उशाशी घेऊन झोपली, आन या माणसानं ते घोडीच्या वहीत पेन्सिलनं लिहून ठेवलं होतं, दुसऱ्याच्या ऑफिसात, जिथं मी जन्मात जाणार नाई. त्या दिवशी जीपमधे धूळ नव्हती तं. मॅनेजर साहेबानं तोंड फिरवून चष्मा पुसला. रत्नानं मोबाईलवर त्या पानाचा फोटो काढला आन म्हणे, "आता माझी तारीख एकवीस फेब्रुवारी. कागदावर काईबी असो."

मी गोठ्यात गेली. जानराव शेवंतीच्या मानेले हात लावून उभा होता, माझ्याकडं पाठ करून. ती दाराकडं तोंड करून वरडतच होती.

"तुमी मले एका शब्दानं सांगितलं असतं तं!" मी म्हटलं. रागानंच म्हटलं.

तो वळला नाई. "काय सांगू, बेबी? नव्हतोच ना मी."

मी कडबा सरकवला आन त्याच्या पायाजवळ खाली बसली. जरा वेळानं तोबी बसला. शेवंती तीन दिवस वरडीन, तो म्हणे, मंग चूप होते, सगळ्याच होतात. तीनही दिवस मी वावरात गेली नाई, तिच्यापाशी बसली. वांगे गंगूनं तोडले.